भ्यालेले अरण्य

त्या ग्रहाला नावही नाही. आहे तो केवळ क्रमांक, ४४७०. तेथे पशू नाहीत, पक्षी नाहीत, कीटकही नाहीत. जेथे जमीन आहे तेथे वृक्ष, वेली आणि तृण. पान कुरतडणारा कोणी नाही, फळ तोडणारा कोणी नाही. कोट्यवधी वर्षे ही हिरवी सृष्टी स्वतःखेरीज दुसऱ्या कोणालाही न ओळखता जगत आली आहे. आणि एके दिवशी आकाशातून दहा माणसे तेथे उतरतात.

अमेरिकी लेखिका उर्सुला ली ग्विन (१९२९–२०१८) यांच्या १९७१ साली प्रसिद्ध झालेल्या ‘व्हास्टर दॅन एम्पायर्स अँड मोअर स्लो’ या कथेची ही पार्श्वभूमी. परग्रहावरील जीव म्हटले की बहुधा चित्रविचित्र राक्षस डोळ्यांसमोर येतात. ली ग्विन यांच्या कथेत मात्र जाणीव आहे ती वनस्पतींना. एकट्या झाडाला ती नाही. मुळे मुळांत गुंतलेली, झाडांवर वाढणाऱ्या वनस्पतींनी खोडे एकमेकांशी जोडलेली. या अफाट जोडणीतून साऱ्या ग्रहाचे मिळून एक मन घडले आहे. मेंदूतील एका पेशीत विचार सापडत नाही, तसाच हा प्रकार.

ही कल्पना सर्वस्वी निराधार नाही. अमेरिकेतील युटा राज्यात ‘पांडो’ नावाचे ॲस्पेन वृक्षांचे वन आहे. सुमारे ४३ हेक्टरांवर पसरलेली त्याची सुमारे ४७,००० खोडे एकाच मूळसंस्थेतून वर आलेली आहेत. पाहणाऱ्याला अरण्य दिसते. वनस्पतिशास्त्राच्या दृष्टीने ते एकच झाड आहे. पांडोला मन आहे असे अर्थातच कोणी म्हणत नाही. ते पुढचे पाऊल कथाकाराचे.

कथेतील दहा जणांत ओस्डेन नावाचा एक विलक्षण माणूस आहे. भोवतालच्या प्रत्येक जीवाची भावना त्याला जशीच्या तशी जाणवते. असा माणूस करुणामूर्ती असेल, अशी आपली अपेक्षा. प्रत्यक्षात तो कमालीचा तुसडा आहे. कारण साधे आहे. अनोळखी माणसाविषयी प्रत्येकाच्या मनात प्रथम थोडी नाराजी उमटते. सभ्य माणसे ती हसून झाकतात. ओस्डेनपासून ती झाकता येत नाही. तो तिचा प्रतिध्वनी होतो, त्याने सोबत्यांची नाराजी वाढते, आणि वाढलेली नाराजी पुन्हा त्याच्यावरच येऊन आदळते. अखेर तो एकटाच अरण्यात राहावयास जातो. तेथे त्याच्यावर मागून घाला घातला जातो, आणि घालणारा असतो त्याच्याच सोबत्यांपैकी एक.

जखमी होऊन भूमीवर पडलेल्या ओस्डेनला भय जाणवते. ते त्याचे एकट्याचे नसते. अरण्यच भ्यालेले असते. ज्याने ‘दुसरा’ कधी पाहिलाच नाही, त्याच्यासाठी दुसऱ्याचे असणे हेच भय. ते भय माणसांत उतरते आणि माणसांचे भय उलटून अरण्यात जाते. पथक ग्रहाच्या दुसऱ्या बाजूस, मोकळ्या गवताळ प्रदेशात जाते; भय तेथेही पोहोचलेलेच असते, कारण गवतही त्याच मनाचा भाग.

जैन वाचकाला येथे एक जुना धागा सापडेल. वनस्पतिकायिक जीव एकेंद्रिय; त्याला स्पर्शाखेरीज दुसरे इंद्रिय नाही, मनही नाही. तरीही आहार, भय, मैथुन आणि परिग्रह या चारही संज्ञा शास्त्राने त्याच्या ठायी मानल्या आहेत. झाडालाही भय असते, ही गोष्ट या परंपरेत शतकानुशतके सांगितली गेली आहे. भेदही तितकाच स्पष्ट आहे. कथेत असंख्य देहांचे मिळून एक मन होते. साधारण वनस्पतीच्या विवेचनात एका देहात अनंत जीव राहतात, पण प्रत्येकाचे अस्तित्व वेगळेच असते. एक जीव दुसऱ्यात विरघळत नाही. म्हणून कथेचा शेवट जैन तत्त्वज्ञानाचा नव्हे. त्यातील कृती मात्र परिचयाची वाटते.

ती कृती अशी. सोबत्यांना घेऊन ओस्डेन पुन्हा अरण्यात जातो. या वेळी तो भयाला परतवून लावत नाही. ते स्वतःत घेतो, त्याचा प्रतिध्वनी होण्याचे थांबवतो, आणि स्वतःला त्या अरण्याच्या स्वाधीन करतो. हळूहळू सर्वत्र शांतता पसरते. उरलेले सोबती यथावकाश निघून जातात. ओस्डेन तेथेच राहतो.

सर्व दानांत अभयदान श्रेष्ठ, हे आपण सहज म्हणतो. त्यासाठी मुळात समोरचा भ्यालेला आहे हे कळावे लागते. तो बहुधा भ्यालेला दिसत नाही. रागावलेला, तुटक, तिरसट दिसतो. एकत्र कुटुंबातही एखादा असा असतो, ज्याच्याशी कोणाचे पटत नाही. त्याच्या खोलीपाशी आले की बोलणी थांबतात, जेवताना त्याच्या शेजारची जागा शेवटी भरते. तो कठोर बोलतो हे घरातील सर्वांना ठाऊक असते. त्याच्या बोलण्यात आपल्याच न बोललेल्या शब्दांचा किती अंश आहे, हे विचारले जात नाही.

कथेत हा फेरा तोडण्यासाठी कोणालाही परक्याला जिंकावे लागले नाही. एकाने परतफेड थांबवली, एवढेच झाले.