एका दिवसात आटोपलेला सामना

रणजी सामना म्हटला की तीन-चार दिवसांचा संथ खेळ डोळ्यांपुढे येतो. पण या स्पर्धेतला अगदी पहिला सामना सूर्य मावळायच्या आत निकाली निघाला होता, हे किती जणांना ठाऊक असेल? तो दिवस होता ४ नोव्हेंबर १९३४, रविवार. स्थळ होते मद्रासचे, म्हणजे आजच्या चेन्नईचे, चेपॉक मैदान. यजमान मद्रास आणि पाहुणा म्हैसूर.

मद्रासच्या एम. जे. गोपालनने म्हैसूरच्या कर्टिसला पहिला चेंडू टाकला आणि भारताच्या राष्ट्रीय क्रिकेट स्पर्धेला तोंड फुटले. म्हैसूरचा पहिला डाव ४८ धावांत गडगडला. मद्रासने १३० धावा केल्या. त्याही काही फार नव्हेत, पण त्या दिवशी पुरून उरल्या. दुसऱ्या डावात म्हैसूरला ५९ धावांपलीकडे जाता आले नाही आणि मद्रासने एक डाव आणि २३ धावांनी सामना जिंकला. डावखुरा फिरकी गोलंदाज ए. जी. रामसिंग याने सामन्यात अवघ्या ३५ धावांत ११ गडी टिपले.

स्पर्धेची कल्पना त्याच वर्षी सिमल्याच्या बैठकीत पक्की झाली होती. पतियाळाच्या महाराजांनी चषक दिला आणि १९३३ मध्ये निवर्तलेल्या रणजितसिंहांचे नाव त्याला मिळाले. तोवर मुंबईत हिंदू, पारशी, मुसलमान आणि युरोपियन असे संघ धर्मावर आणि वर्णावर पडत. आता संघ प्रांताप्रांतांचे होणार होते. मद्रासच्या दृष्टीने ही गोष्ट लहान नव्हती. त्यासाठी थोडे मागे जायला हवे.

चेपॉकवर मद्रास क्रिकेट क्लबचे राज्य होते. १८४६ साली स्थापन झालेला हा क्लब गोऱ्या साहेबांचा. हिंदी खेळाडू तिथे सामना खेळायला आले, तरी पॅव्हेलियनची पायरी त्यांना बंद. गोरे खेळाडू आत टेबलावर जेवत आणि हिंदी खेळाडूंनी बाहेर झाडाखाली आपले डबे सोडायचे! पुण्यामुंबईकडे पाळवणकर बाळूसारख्या थोर गोलंदाजाला स्वतःच्याच संघाबरोबर चहा घेता येत नसे. त्याला बाहेर मातीच्या भांड्यात चहा मिळे. तिथे रेघ जातीची होती, मद्रासला ती रंगाची होती. अपमान मात्र दोन्हीकडे सारखाच.

हा अपमान एका तरुणाच्या जिव्हारी लागला. एका श्रीमंत घराण्यातल्या या तरुणाचे नाव महिपती नायडू, पण सगळे त्यांना बुची बाबू म्हणत. १८८८ साली, वयाच्या विशीत, त्यांनी मद्रास युनायटेड क्लब काढला. स्वतःच्या पैशाने बॅटी, पॅड, चेंडू आणले, होतकरू पोरांना हाताशी धरले आणि साहेबांच्या तोडीस तोड संघ उभा केला. भांडणतंटा न करता त्यांनी खेळानेच उत्तर द्यायचे ठरवले. युरोपियन विरुद्ध हिंदी असा सामना १९०८ साली ठरला. दुर्दैवाने त्याच सुमारास, वयाच्या जेमतेम चाळिशीत, बुची बाबू वारले. पुढे १९१५ च्या सुमारास हा प्रेसिडेन्सी सामना नियमित सुरू झाला आणि पोंगलच्या दिवसांत अख्खे मद्रास त्यासाठी चेपॉकवर लोटू लागले.

१९३४ च्या त्या रविवारी मद्रासचा कप्तान सी. पी. जॉन्स्टन हा इंग्रजच होता. पण त्याच्या हाताखालच्या हिंदी गोलंदाजांनीच सामना जिंकून दिला. गोपालनला क्रिकेटमध्ये पुढे आणणाराही हाच जॉन्स्टन. समोरासमोर उभे राहणारे दोन संघ आता एकाच बाजूने खेळत होते.

गोपालनची कथा तर चटका लावणारी आहे. तो क्रिकेटइतकाच हॉकीतही पटाईत. १९३५ मध्ये ध्यानचंदबरोबर तो न्यूझीलंडला जाऊन आला. १९३६ मध्ये एकीकडे बर्लिनचे ऑलिंपिक आणि दुसरीकडे क्रिकेट संघाचा इंग्लंड दौरा, असा पेच पडला. त्याने क्रिकेट निवडले. हॉकी संघाने जर्मनीला ८-१ असे लोळवून सुवर्णपदक आणले आणि इंग्लंडला गेलेल्या गोपालनला एकाही कसोटीत संधी मिळाली नाही. त्याच दौऱ्यात बुची बाबूंचे चिरंजीव सी. रामस्वामी वयाच्या चाळिसाव्या वर्षी पहिली कसोटी खेळले आणि मँचेस्टरला त्यांनी ४० आणि ६० धावा केल्या. ज्यांच्या वडिलांच्या पिढीला पॅव्हेलियनमध्ये मज्जाव होता, ते आता देशाकडून साहेबांच्या घरच्या मैदानावर फलंदाजी करत होते.

आणि रामसिंग? पहिल्याच सामन्यात ११ बळी घेऊनही अधिकृत कसोटीची टोपी त्याला कधीच लाभली नाही. रणजी चषकानेही मद्रासला बराच काळ हुलकावणी दिली. पहिल्या दोन्ही वर्षी तो मुंबईकडे गेला. दुसऱ्या वर्षी तर अंतिम सामन्यात मुंबईने हरवले ते मद्रासलाच. अखेर १९५५ मध्ये होळकर संघाला नमवून मद्रासने चषक पहिल्यांदा जिंकला. त्या विजयात मोठा वाटा होता कृपालसिंगचा. हा कृपाल म्हणजे रामसिंगचा मुलगा. त्याच वर्षी तो न्यूझीलंडविरुद्ध कसोटीत उतरला आणि पदार्पणातच त्याने शतक ठोकले. पुढे धाकटा मिल्खासिंगही कसोटी खेळला.

बुची बाबूंच्या नावाची स्पर्धा चेन्नईत आजही भरते. तिथे खेळायला येणारी गावोगावची मुले पॅव्हेलियनमध्ये एकाच पंगतीला जेवतात. त्यात विशेष ते काय, असे त्यांना वाटते. तसे वाटावे, हीच बुची बाबूंची खरी कमाई.