बीजांडं कोण देणार?

पानटपरीवर टांगलेली चुन्याची छोटी ट्यूब लहान मुलाच्या हाती फार सहज लागते. बीदर जिल्ह्यातल्या दुबलगुंडीसारख्या गावात ती सदऱ्याच्या खिशात असते, देवळीत असते, ट्रॅक्टरच्या सीटखाली असते. पोर ती दाबतं, चुना निघत नाही म्हणून आणखी जोर लावतं, आणि तो थेट डोळ्यात उडतो. डोळ्याला चुना आम्लापेक्षा वाईट, कारण तो वरच्यावर थांबत नाही, आत झिरपत जातो. तिथल्या तिथे करायचा उपाय एकच आहे. मिळेल त्या स्वच्छ पाण्याने डोळा बराच वेळ धूत राहायचं आणि मग उशीर न करता डोळ्यांच्या डॉक्टरांकडे न्यायचं. हुमनाबादच्या हमरस्त्याने हैदराबाद गाठता येतं आणि तिथे एल. व्ही. प्रसाद नेत्रसंस्था आहे. माणसाच्या क्लोनिंगबद्दल बोलताना सुरुवात या संस्थेपासून करायला हवी.

डोळ्याचा काळा भाग आणि पांढरा भाग जिथे मिळतात तिथे एक बारीक कड असते. बुबुळावरचा पारदर्शक थर सतत झिजतो आणि या कडेतल्या मूळ पेशी, म्हणजे स्टेम सेल, जन्मभर त्याला नव्या पेशी पुरवतात. चुन्याने कड जळाली की पुरवठा बंद होतो, रक्तवाहिन्यांचं जाळं बुबुळावर चढतं आणि नजर जाते. अशा डोळ्यात नेत्रदानातून आलेलं बुबुळ बसवलं तरी टिकत नाही. हैदराबादच्या संस्थेत २००१पासून रुग्णाच्याच चांगल्या डोळ्यातल्या पेशी प्रयोगशाळेत वाढवून जळालेल्या डोळ्यावर बसवल्या जाऊ लागल्या. पुढे डॉ. वीरेंद्र सांगवान आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी प्रयोगशाळेचा टप्पाच काढून टाकला. चांगल्या डोळ्याच्या कडेचा जेमतेम दोन मिलिमीटरचा तुकडा घ्यायचा, त्याचे आठ-दहा बारीक कण करायचे आणि वारेच्या पातळ पडद्यावर जैविक गोंदाने चिकटवायचे. पेशी डोळ्यावरच वाढतात. २०१२मध्ये ही पद्धत प्रसिद्ध झाली. महागडी प्रयोगशाळा लागत नसल्यामुळे ती गरीब देशांतल्या डॉक्टरांच्याही आवाक्यात आली.

अडचण येते ती दोन्ही डोळे जळालेल्या माणसाची. त्याच्याकडे स्वतःची कड उरलेली नसते. भावाची किंवा आईची कड बसवली तर शरीर ती परकी मानतं, आणि ती टिकवायला प्रतिकारशक्ती दाबणारी औषधं घेत राहावं लागतं. त्याच्या कातडीच्या पेशीतून त्याच्याच डोळ्याच्या, हृदयाच्या, स्वादुपिंडाच्या पेशी करता आल्या तर? उपचारासाठीच्या क्लोनिंगचं सगळं आकर्षण या प्रश्नात आहे. रुग्णाच्या पेशीचं केंद्रक काढायचं, केंद्रक काढून घेतलेल्या बीजांडात घालायचं, पाचेक दिवस गर्भ वाढू द्यायचा आणि त्यातून मूळ पेशी मिळवायच्या. तो गर्भ गर्भाशयात ठेवून मूल जन्माला घालायचं ठरवलं, तर ते पुनरुत्पादक क्लोनिंग. सुरुवातीची पायरी दोन्हीकडे तीच.

उसाचं बेणं लावणाऱ्या शेतकऱ्याला क्लोन नवा नाही. कांडीतून उगवलेला फड मूळ उसाचीच आवृत्ती असतो. जनावरांत मात्र हे काम फार अवघड ठरलं. स्कॉटलंडच्या रोझलिन संस्थेत ५ जुलै १९९६ रोजी जन्मलेल्या डॉली मेंढीसाठी २७७ वेळा पेशी आणि बीजांड जोडावं लागलं, तेव्हा कुठे एक कोकरू जगलं. हरियाणातल्या कर्नालच्या राष्ट्रीय दुग्ध संशोधन संस्थेत फेब्रुवारी २००९मध्ये समरूपा ही म्हशीची क्लोन पारडी झाली, ती आठवडाही जगली नाही. त्याच वर्षी जूनमध्ये गरिमा झाली. २०१०मधली दुसरी गरिमा मोठी झाली आणि २०१३मध्ये तिला स्वतःची पारडी झाली. हे काम खऱ्या कौतुकाचं आहे. बीदरच्या नंदीनगरात कर्नाटकाचं पशुवैद्यकीय विद्यापीठ आहे आणि देवणी ही याच पट्ट्यातली गाय आहे. एखाद्या अस्सल देवणी वळूच्या पेशी जपून ठेवाव्यात असं कुणी म्हटलं, तर त्याला विरोध करायचं कारण नाही.

पण कर्नालच्या प्रयोगांना बीजांडं मिळाली ती कत्तलखान्यातून आणलेल्या म्हशींच्या अंडाशयांतून. माणसाच्या क्लोनिंगला ती जिवंत बाईकडून घ्यावी लागतात, आणि एक-दोन नव्हे. चीनमध्ये २०१७च्या अखेरीस जन्मलेल्या दोन क्लोन माकडांसाठी ७९ गर्भ २१ माद्यांत सोडावे लागले होते. माणसाच्या बाबतीत इतकी मोडतोड कुठल्याही कारणाने सहन करण्यासारखी नाही. मूल जन्माला घालणाऱ्या क्लोनिंगवर कायमची बंदी हवी, याला एवढं एक कारण पुरे आहे. त्यासाठी धर्माच्या किंवा आत्म्याच्या चर्चेत शिरण्याची गरजच पडत नाही.

बीजांडं द्यायची म्हणजे बाईला दहा-बारा दिवस संप्रेरकांची इंजेक्शनं घ्यावी लागतात. मग भूल देऊन सुईने बीजांडं ओढून घेतात. काहींचे अंडाशय सुजतात, पोटात पाणी साचतं, क्वचित रक्ताच्या गुठळ्या होऊन जिवावर बेततं. दक्षिण कोरियातल्या ह्वांग वू-सुक यांनी २००४ आणि २००५ साली माणसाच्या क्लोन गर्भातून मूळ पेशी मिळवल्याचं जाहीर केलं, तेव्हा सोलच्या या पशुवैद्यकाला देशात वीरपुरुषाचा मान मिळाला. चौकशीत दोन्ही शोधनिबंध खोटे ठरले आणि जानेवारी २००६मध्ये मागे घेतले गेले. त्याच चौकशांत दुसरी गोष्ट बाहेर आली. प्रयोगासाठी दोन हजारांहून जास्त बीजांडं वापरली होती, काही पैसे देऊन घेतलेली होती, आणि देणाऱ्यांत त्यांच्याच प्रयोगशाळेत काम करणाऱ्या कनिष्ठ स्त्रिया होत्या. वरिष्ठाच्या हाताखालची मुलगी ‘हो’ म्हणते, तेव्हा तो होकार किती तिचा असतो?

हा प्रश्न सोलपेक्षा कलबुर्गीत जास्त टोचायला हवा. कलबुर्गी जिल्ह्यातल्या लंबाणी तांड्यांवरच्या आणि दलित वस्त्यांतल्या बायकांची गर्भाशयं गरज नसताना काढल्याचा प्रकार तिथल्या आरोग्य कार्यकर्त्यांनी लावून धरला. २०१५मध्ये सरकारी चौकशीनंतर काही खासगी रुग्णालयांचे परवाने रद्द झाले. पोटात दुखतं म्हणून गेलेल्या बाईला कॅन्सरची भीती घालायची आणि पिशवी काढायची, अशी ती रीत होती. सीमेपलीकडे बीड जिल्ह्यात २०१९मध्ये ऊसतोड कामगार बायकांबद्दल हेच पुढे आलं. नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखालच्या समितीसाठी सुमारे ८२ हजार बायकांची पाहणी झाली, आणि त्यांतल्या १३ हजारांहून अधिक जणींची गर्भाशयं काढलेली होती. फडात पाळीच्या दिवसांत सुट्टी नाही, खाडा केला तर मुकादम पैसे कापतो, आणि पिशवी काढली की कटकट मिटते असं डॉक्टरच सांगतो. ज्या मुलखात बाईच्या गर्भाशयाची ही गत झाली, तिथे बीजांडाला बाजारभाव आला तर दलाल कुणाच्या दारात जातील हे सांगायला समिती लागणार नाही.

म्हणून २०२१चा सहायक प्रजनन तंत्रज्ञान कायदा महत्त्वाचा आहे. बीजांड देणारी स्त्री २३ ते ३५ वयाची असावी, तिने आयुष्यात एकदाच द्यावं, आणि सातपेक्षा जास्त बीजांडं काढू नयेत, असं त्यात स्पष्ट म्हटलं आहे. संशोधनासाठी गर्भ किंवा बीजांड विकणं हा गुन्हा आहे. हे कुंपण नीट राखलं तरी पुष्कळ होईल. माणसाच्या क्लोनिंगवर मात्र संसदेने केलेला स्वतंत्र कायदा भारतात नाही. बंदी आहे ती भारतीय वैद्यकीय संशोधन परिषद आणि जैवतंत्रज्ञान विभाग यांच्या २०१७च्या मार्गदर्शक तत्त्वांत. पुनरुत्पादक क्लोनिंग निषिद्ध आणि गर्भ प्रयोगशाळेत १४ दिवसांपुढे वाढवायचा नाही, अशी ही तत्त्वं आहेत. मूळ पेशी मिळवण्यासाठी क्लोन गर्भ करायचा तर खास परवानगी लागते. तत्त्वं चांगली आहेत, पण मार्गदर्शक तत्त्वं मोडली म्हणून पोलीस दारात येत नाहीत. संयुक्त राष्ट्रांच्या महासभेने ८ मार्च २००५ रोजी सर्व प्रकारच्या मानवी क्लोनिंगविरुद्ध घोषणा केली. बाजूने ८४, विरुद्ध ३४ आणि ३७ देश तटस्थ. भारताने विरुद्ध मत दिलं, कारण उपचारासाठीचा रस्ता त्याला मोकळा ठेवायचा होता.

त्या वेळी ही भूमिका समजण्यासारखी होती. आज ती तपासून बघायला हवी. २००६मध्ये जपानच्या शिन्या यामानाका यांनी उंदराच्या साध्या पेशीत चार जनुकं घालून तिला गर्भपेशीसारखं कोवळं केलं, पुढच्या वर्षी माणसाच्या पेशीत तेच साधलं, आणि २०१२मध्ये त्यांना नोबेल मिळालं. तिथे बीजांड लागत नाही, गर्भ लागत नाही. अमेरिकेत ओरेगनमध्ये शुखरात मितालिपोव्ह यांच्या गटाने २०१३मध्ये क्लोन केलेल्या मानवी गर्भातून मूळ पेशी खरोखर मिळवल्या, पण तोपर्यंत बहुतेक प्रयोगशाळा यामानाकांच्या वाटेला लागल्या होत्या. सप्टेंबर २०१४मध्ये जपानमध्ये एका वृद्धेच्या डोळ्यात तिच्याच कातडीपासून याच पद्धतीने केलेल्या दृष्टिपटलाच्या पेशी बसवल्या गेल्या. दोन्ही डोळे जळालेल्या माणसाची आशा आता या वाटेवर आहे. असं असताना क्लोनिंगसाठी बायकांकडे बीजांडं मागण्याचं कारण उरत नाही. ती खास परवानगीची वाटही संसदेने कायदा करून बंद करावी, आणि मूल जन्माला घालणाऱ्या क्लोनिंगला तुरुंगाची शिक्षा ठेवावी.

कायद्याच्या कक्षेत आणखी एक गोष्ट यायला हवी. क्लोन माणूस इथे कुणी पाहिलेला नाही, पण ‘स्टेम सेल’ विकणारे सगळ्यांनी पाहिले आहेत. बाळंतपणाच्या आधीच घरच्यांना गाठून नाळेतलं रक्त बँकेत ठेवायला सांगतात आणि हजारो रुपये घेतात. बाळाच्याच पुढच्या उपयोगासाठी ते रक्त साठवण्याला शास्त्रीय आधार नाही, असं वैद्यकीय संशोधन परिषद सांगते. आजार जनुकातलाच असेल तर तो त्या रक्तातही असतोच. स्वमग्न मुलांना मूळ पेशींची इंजेक्शनं देणारी केंद्रं तर आई-बापांच्या काळजीवरच चालतात. राष्ट्रीय वैद्यकीय आयोगाच्या नीती मंडळाने डिसेंबर २०२२मध्ये असा उपचार करणं हे व्यावसायिक गैरवर्तन ठरवलं, तरी जाहिराती थांबल्या नाहीत. रक्ताच्या ठरावीक आजारांत बोनमॅरो बदलतात, ते मान्य आणि पारखलेलं आहे. गुडघा, मधुमेह, मणक्याची इजा, स्वमग्नता यांवर मूळ पेशींची इंजेक्शनं द्यायची तर ती नोंदणीकृत चाचणीतच द्यायला हवीत, आणि प्रायोगिक उपचाराचे पैसे रुग्णाकडून घ्यायचे नसतात.

शेत गहाण टाकून सोलापूर, हैदराबाद, बंगळूर गाठणाऱ्या माणसाला हे कुणी सांगत नाही. बीदर आणि कलबुर्गीच्या जिल्हा आरोग्य अधिकाऱ्यांनी मूळ पेशींचं नाव घेणाऱ्या प्रत्येक केंद्राच्या दारावर कन्नड, मराठी, उर्दू आणि तेलुगूत फलक लावायला लावावा. त्यावर चाचणीचा नोंदणी क्रमांक असावा, आणि क्रमांक नसेल तर ‘इथे या उपचाराला मान्यता नाही’ एवढं तरी ठळक लिहिलेलं असावं. गर्भलिंग निदान बंदीचा फलक प्रत्येक सोनोग्राफी केंद्रात लावायला सरकारने भाग पाडलंच आहे, तेव्हा एवढं करायला नवी यंत्रणा लागणार नाही.