अळंबीची ओळख

श्रावणसरींनी सातपुडा हिरवा झाला की आमच्या नेपानगरच्या मुलांचे पाय घरात ठरत नाहीत. गेल्या पावसाळ्यात अशाच एका सायंकाळी शेजारचा मुलगा पिशवी भरून अळंबी घेऊन आला. जुन्या ओंडक्यावरून काढलेले शेंदरी-तांबडे तुकडे तीत होते, आणि मैदानातील गवतावर उगवलेल्या बशीएवढ्या पांढऱ्या छत्र्याही होत्या. त्याच्या आजीने तत्काळ निवाडा दिला, "तांबडी विषारी, ती फेकून दे. पांढरी धुऊन आण, कालवण करते." आम्ही विनविले, "आजी, उद्या सकाळपर्यंत थांबा." आजी रुष्ट झाल्या, परंतु थांबल्या.

वाचकहो, प्रथम तांबड्या तुकड्यांकडे वळू. त्यांचा रंग पाहून आम्हांस मेणपाती भूछत्रांची आठवण झाली. शास्त्रज्ञ त्यांस हायग्रोसायबी म्हणतात. ग्रीक भाषेत याचा अर्थ 'ओले मस्तक'. तांबडी, नारिंगी, पिवळी, क्वचित हिरवी अशी ही इवलीशी भूछत्रे फुलांसारखी दिसतात. तथापि त्यांची खरी खूण रंगात नाही, छत्रीच्या खालच्या अंगास आहे. तेथील पाती जाड व विरळ असतात आणि बोटांत चुरडली असता मेणासारखी लागतात. कोनिका नावाच्या जातीस हात लागला की ती काळी पडते. युरोपात ही भूछत्रे जुन्या, खत न घातलेल्या कुरणांत उगवतात. आपल्या देशात केरळातील मेणपातींचा सविस्तर अभ्यास लीलावती, मनिमोहन व आर्नोल्ड्स या तिघांनी २००६ साली प्रसिद्ध केला.

आम्ही एक तुकडा उलटा केला. पाते एकही नव्हते. सुईने टोचल्यासारखी बारीक छिद्रे होती आणि अंग चामड्यासारखे चिवट. तेव्हा हे मेणपाती नव्हे, मेलेल्या लाकडावर उगवणारे पिक्नोपोरस होय. रंग सारखा असला म्हणून कूळ एक होत नाही.

हे कूळ ठरवावे कसे? स्वीडनच्या एलियास फ्रीस यांनी १८२१ साली आपल्या ग्रंथात पात्यांच्या भूछत्रांची वर्गवारी बीजाणूंच्या रंगावरून केली. जर्मनीच्या पाउल कुमर यांनी १८७१ साली हायग्रोसायबीस स्वतंत्र प्रजातीचा मान दिला. इटलीतील त्रेंतो येथील कॅथलिक धर्मगुरू जाकोमो ब्रेसादोला (१८४७–१९२९) यांनी उपासना सांभाळून शेकडो भूछत्रांस नावे दिली. आता डीएनएच्या तपासणीने असे दिसते की कोनिका या एका नावाखाली अनेक जाती दडल्या आहेत. ओळख पटविण्याचे काम असे पिढ्यान्‌पिढ्या चालते.

बीजाणूंचा रंग पाहण्यास मोठी प्रयोगशाळा लागत नाही, कागद पुरतो. आणि आमचे गाव तर कागदाचेच! सलई व बांबू यांपासून वृत्तपत्राचा कागद करण्यासाठी उभारलेली येथील गिरणी पंडित नेहरूंनी १९५६ साली राष्ट्रास अर्पण केली. आम्ही एक कागद घेऊन त्याचा अर्धा भाग काळा केला, कारण पांढरे बीजाणू पांढऱ्यावर दिसत नाहीत. पांढऱ्या छत्रीचा देठ कापून ती पाती खाली करून त्यावर ठेवली आणि वरून वाटी पालथी घातली.

सकाळी आजींच्या समक्ष वाटी उचलली. मेणपाती असते तर ठसा पांढरा उमटता. खाण्याची रानअळंबी असती तर गडद तपकिरी. कागदावर मळकट हिरवा ठसा होता! ही क्लोरोफायलम मोलिब्डायटिस. कोवळेपणी तिची पाती पांढरी असतात, म्हणून माणूस फसतो. पोटात गेल्यास काही तासांत ओकाऱ्या व जुलाब सुरू होतात. आजी बराच वेळ त्या ठशाकडे पाहत राहिल्या. मग म्हणाल्या, "पोराला मीच वाढणार होते."

एक गोष्ट मात्र ध्यानी धरावी. ठसा ओळखीस साह्य करतो, खाण्याची परवानगी देत नाही. प्राण घेणाऱ्या अमानिटांचा ठसाही पांढराच असतो. त्यांचे विष शिजवून जात नाही. त्रास बहुधा सहा ते बारा तासांनी सुरू होतो, मध्ये बरे वाटते आणि तोवर यकृत निकामी होऊ लागते. चांदीचा चमचा काळा न पडणे, किड्यांनी खाल्लेले असणे, या खुणा सर्वस्वी खोट्या आहेत. जाणत्याने नि:संशय ओळखलेली नसेल ती अळंबी चुलीवर चढवू नये. चुकून खाल्ली गेलीच तर बरे वाटण्याची वाट न पाहता उरलेला तुकडा घेऊन तत्काळ इस्पितळ गाठावे.

यंदाही पाऊस आला आहे आणि मुलगा पिशवी घेऊन फिरतोच आहे. परंतु आता आजी त्यास दारातच थांबवितात व म्हणतात, "आधी उलटी करून दाखव."