टाळ्यांचा कैफ

23 जुलै 2011 रोजी लंडनच्या कॅम्डेन भागातील राहत्या घरी गायिका एमी वाइनहाउस मृतावस्थेत आढळली. वय अवघे 27. तीनच वर्षांपूर्वी, 2008 साली, तिने एकाच रात्री पाच ग्रॅमी पारितोषिके पटकाविली होती.

तिच्या रक्तात दर 100 मिलिलिटरला 416 मिलिग्रॅम मद्यार्क निघाला. इंग्लंडात वाहनचालकाला मर्यादा 80 ची आहे. बेकायदा मादक द्रव्य मात्र आढळले नाही. घात केला तो राजरोस विकल्या जाणाऱ्या बाटलीने. काही काळ दारू बंद राहिली की शरीराची सहनशक्ती उतरते. मग पूर्वीइतकीच दारू प्राणावर बेतते. म्हणूनच व्यसन सोडविणे हे डॉक्टरांच्या देखरेखीचे काम आहे, केवळ शपथांचे नव्हे.

आम्हाला अधिक बोचते ती जून 2011 मधील बेलग्रेडची मैफल. एमीला धड उभे राहवत नव्हते, गाण्याचे शब्द आठवत नव्हते आणि श्रोते हुर्यो उडवीत होते. पैसे मोजणाऱ्यांचा राग समजू शकतो. परंतु आजारी मुलीला रंगमंचावर उभे करणे कोणत्या हिशेबात बसते? पुढचे कार्यक्रम रद्द झाले, पण महिनाभरात ती गेली.

नशेवाचून कलावंताला सूर गवसत नाही, असे काही रसिक कौतुकाने सांगतात. आम्हाला हे साफ नामंजूर आहे. सूर रियाझाने येतो. नशा येते ती रात्रीची जागरणे, दारात ठाण मांडलेले छायाचित्रकार आणि उद्या टाळ्या पडतील ना ही धास्ती, यांच्या पाठोपाठ.

हे दुखणे दूर विलायतेचे, असे मॉरिशसवासीयांनी समजू नये. मादक द्रव्यांच्या व्यापाराची चौकशी करण्यासाठी आपल्या बेटावरही आयोग नेमावा लागला. त्याचा अहवाल 2018 साली आला. आपलीही मुले लग्नसमारंभात आणि गणेशोत्सवात गातात, वाजवितात. त्यांची पाठ जरूर थोपटावी, पण बक्षीस म्हणून हाती पेला देऊ नये. एखादा वादक उपचारासाठी चार महिने दूर राहिला, तर कुजबुज न करता त्याची जागा राखून ठेवावी. कार्यक्रम पुढे ढकलता येतो. गेलेला मुलगा परत येत नाही.