चुकल्यावर आपण स्वतःला काय म्हणतो?



दिवाळीच्या सुट्टीनंतर प्रथम सत्राच्या उत्तरपत्रिका वर्गात दाखवल्या, तेव्हाची गोष्ट. आठवीचा वर्ग, गणिताचा पेपर. मुलांनी पेपर बघितले, मी ते परत गोळा केले आणि गुण नोंदवायला बसले. एका मुलीच्या पेपरवर, ४० पैकी ११ या गुणांच्या शेजारी, पेन्सिलने बारीक अक्षरात एक शब्द लिहिलेला होता : 'बिनडोक'. अक्षर तिचंच होतं.

मधल्या सुट्टीत तिला जवळ बोलावलं. "हा शब्द कुणी म्हटला गं तुला?" असं विचारलं. मला वाटलं, घरचं कुणीतरी असेल किंवा वर्गातली मुलं चिडवत असतील. ती बराच वेळ खाली बघत उभी राहिली. मग हळूच म्हणाली, "कुणी नाही, बाई. तुमचं फळ्यावर गणित चुकलं की तुम्ही नाही का म्हणत, 'काय बिनडोक आहे मी!'"

मला काय बोलावं सुचेना. मी कुठल्याही मुलाला असा शब्द वापरत नाही, याचा मला थोडा अभिमानच होता. शिक्षण हक्क कायद्याच्या कलम १७ ने शाळेत शारीरिक शिक्षेबरोबर मानसिक छळालाही बंदी केली आहे. ते कलम मी मनापासून पाळत होते. पण स्वतःला बोलताना मात्र माझ्या तोंडाला काही धरबंध नव्हता. आणि पन्नास कान ते रोज ऐकत होते!

त्या दिवसापासून माझं एक मत पक्कं झालं आहे. चुकल्यावर स्वतःशी कसं वागायचं, हे मुलं आपल्या उपदेशातून शिकत नाहीत. आपण चुकतो तेव्हा आपण स्वतःला काय म्हणतो, त्यातून शिकतात.

जरा घरात कान देऊन बघा. पोळी करपली की आई म्हणते, "माझं मेलीचं लक्षच नसतं." किल्ली सापडली नाही की बाबा म्हणतात, "माझ्यासारखा गाढव मीच." आणि अभ्यासाला बसलेल्या मुलासमोर आपण किती सहज म्हणतो, "मला बाई गणित कधी जमलंच नाही." आपल्या दृष्टीने ही बोलण्याची पद्धत असते. मुलाच्या दृष्टीने तो धडा असतो.

आता तुम्ही म्हणाल, अहो, एवढं काय त्यात? स्वतःला चार शब्द बोलल्याशिवाय माणूस सुधारतो का? मलाही तसंच वाटायचं. म्हणून त्या मुलीचा पेपर पुन्हा नीट बघितला. तिसऱ्या प्रश्नात तिने उणे ३ गुणिले उणे ४ याचं उत्तर उणे १२ लिहिलं होतं. पुढे उत्तर जुळेना, म्हणून तिने ते तीनदा खोडलं होतं. त्यानंतरचे दोन प्रश्न पूर्ण कोरे. त्यातला एक तर तिने वर्गात फळ्यावर येऊन सोडवलेला होता. विचारलं तर म्हणाली, "एक चुकलं ना बाई, की मग डोकंच बंद होतं."

म्हणजे चिन्हाच्या चुकीने तिचे फार तर दोन गुण गेले होते. बाकीचे गुण त्या एका शब्दाने नेले.

या विषयावर अभ्यासही झाला आहे. अमेरिकेतल्या टेक्सास विद्यापीठातल्या क्रिस्टिन नेफ यांनी २००३ साली स्वतःबद्दलच्या करुणेची कल्पना मांडली आणि ती मोजण्यासाठी प्रश्नावली तयार केली. बौद्ध विचारातल्या करुणेचा त्यामागे आधार आहे. त्यांच्या मांडणीत तीन गोष्टी येतात : स्वतःशी मायेने बोलणं, चुका सगळ्यांच्याच होतात याची आठवण ठेवणं आणि झालेली चूक न लपवता किंवा न फुगवता, जशी आहे तशी बघणं. तिसरी गोष्ट फार महत्त्वाची. माया म्हणजे चुकीवर पांघरूण नव्हे.

ज्युलियाना ब्राइन्स आणि सेरेना चेन या संशोधकांचा २०१२ सालचा एक प्रयोग तर आपल्या कामाचा आहे. विद्यार्थ्यांना शब्दांची मुद्दाम अवघड चाचणी दिली. ती बऱ्याच जणांना जड गेली. मग एका गटाला सांगितलं, अशी चाचणी अवघड जाणं साहजिक आहे, स्वतःवर फार कठोर होऊ नका. दुसऱ्या गटाला सांगितलं, तुम्ही हुशार आहात. तिसऱ्याला काहीच सांगितलं नाही. दुसऱ्या चाचणीसाठी सगळ्यात जास्त वेळ अभ्यास केला तो पहिल्या गटाने. स्वतःला समजून घेणारी मुलं आळशी होत नाहीत, ती पुन्हा पुस्तक उघडतात.

तरीही "मऊ लागलं म्हणून कोपराने खणू नये" ही म्हण आपल्याकडे आहेच. मऊ माणसाला लोक खणतात, ही भीती खोटी नाही. मवाळ शिक्षकाच्या तासाला वर्ग डोक्यावर बसतो, असं स्टाफरूममध्ये आपण कितीदा ऐकतो. पण मऊपणा आणि लेचेपेचेपणा एकच का? साने गुरुजी आठवा. अमळनेरच्या प्रताप हायस्कूलमध्ये शिकवणारे, छात्रालयातल्या मुलांना आईच्या मायेने जपणारे, पटकन डोळ्यांत पाणी येणारे. याच हळव्या माणसाने १९४७ साली पंढरपूरचं विठ्ठल मंदिर अस्पृश्य मानल्या गेलेल्या बांधवांसाठी खुलं व्हावं म्हणून प्राणांतिक उपोषण आरंभलं, आणि मंदिर खुलं होण्याचा मार्ग मोकळा झाला. आवाज न चढवताही माणूस जागचा हलत नाही, तो असा.

तेव्हा लाड आणि माया यांत फरक करूया. "जाऊ दे, काही नाही झालं," हे लाड. त्याने चूक तशीच राहते. "चिन्ह चुकलंय, इथे बस, पुन्हा बघू," ही माया. यात सूट कुठेच नाही. गणित पुन्हा करायचंच आहे, फक्त अपमान गिळून नाही.

मी वर्गात काय बदललं, ते सांगते. फळ्यावर चुकले की आता मोठ्याने म्हणते, "थांबा, माझं काहीतरी चुकलंय. कुठे, ते शोधून द्या." मुलं तुटून पडतात शोधायला! दुसरं म्हणजे 'चुकांची वही'. चुकलेलं गणित तिथे उतरवायचं, कुठे चुकलं ते एका ओळीत लिहायचं, शेजारी बरोबर करून दाखवायचं. पहिल्या पानावर माझ्या दोन चुका मी स्वतः लिहून दिल्या. तिसरी गोष्ट अगदी साधी. स्वतःला काही बोलण्याआधी विचारायचं, हेच मी माझ्या मैत्रिणीला म्हटलं असतं का?

हे सोपं नाही बरं का. वीस-पंचवीस वर्षांची सवय आहे. अजूनही "काय बिनडोक..." एवढं ओठांवर येतं. परवा आलंच. पहिल्या बाकावरून लगेच आवाज आला, "बाई, शब्द!" सगळा वर्ग हसला, मीही हसले. हसताना कळलं, पूर्वी अशा वेळी वर्ग हसायचा नाही, गप्प व्हायचा.

त्या मुलीला दुसऱ्या सत्रात ४० पैकी १९ गुण मिळाले. चमत्कार वगैरे काही झालेला नाही, गणित तिला अजून जडच जातं. पण या वेळी एकही प्रश्न कोरा नव्हता. एका ठिकाणी चिन्ह चुकलेलं होतं. तिने ते एकाच रेघेने खोडून शेजारी बरोबर लिहिलं होतं आणि पुढचा प्रश्न सुरू केला होता. ती एक रेघ मला १९ गुणांपेक्षा मोठी वाटली.

पालकहो, निकालाच्या दिवशी मुलाला काय बोलायचं, याची तयारी आपण सगळेच करतो. तेवढीच तयारी आपली स्वतःची पोळी करपेल त्या दिवसासाठीही करूया. कारण मूल त्या दिवशीही ओट्याजवळ उभं असतं आणि ऐकत असतं.