नदी ओलांडताना

पुलगावजवळ वर्धा नदीवरील पूल ओलांडला की वर्धा जिल्हा संपतो आणि अमरावती जिल्हा सुरू होतो. अलीकडच्या काठावर दारूबंदी, पलीकडच्या काठावर परवान्याची दुकाने. १९७० च्या दशकापासून वर्धेकरांच्या हे अंगवळणी पडले आहे. मद्य हा राज्यघटनेने राज्यांकडे सोपवलेला विषय असल्याने एका जिल्ह्यापुरताही वेगळा नियम होऊ शकतो. शेजारच्या चंद्रपूर जिल्ह्यात तो २०१५ मध्ये आला आणि २०२१ मध्ये गेला.

मराठीत दारूचा दुसराही एक अर्थ आहे आणि पुलगावला तो विसरता येत नाही. तेथे सैन्याचे केंद्रीय दारूगोळा भांडार आहे. ३१ मे २०१६ च्या पहाटे तेथे लागलेल्या आगीत अधिकारी, जवान आणि अग्निशमन दलाच्या कर्मचाऱ्यांचे बळी गेले. या दुसऱ्या दारूचा कायदा मात्र नदी ओलांडल्याने बदलत नाही. शस्त्रे आणि दारूगोळा हा केंद्राचा विषय असून १९५९ चा शस्त्र अधिनियम १ ऑक्टोबर १९६२ पासून देशभर लागू आहे.

बंदुकीच्या मॅगझिनमध्ये, म्हणजे गोळ्या भरण्याच्या पेटीत, किती गोळ्या मावतात यावर या कायद्याचा भर नाही. चाप दाबून धरला असता गोळ्या सुटतच राहतात असे स्वयंचलित शस्त्र त्याने सामान्य माणसाला निषिद्ध ठरवले आहे. एका माणसाजवळ किती बंदुका असाव्यात, हेही तो ठरवतो. २०१९ च्या दुरुस्तीने ही संख्या तीनवरून दोनवर आली. एका वेळी किती काडतुसे बाळगावीत आणि वर्षभरात किती घ्यावीत, हे परवान्यावर नोंदलेले असते. पीकरक्षणासाठी कायद्याला अभिप्रेत आहे ती ठासणीची बंदूक. तिला मॅगझिन नसतेच! रानडुकरांनी शेत उद्ध्वस्त केले, तरी हा परवाना म्हणजे शिकारीची मुभा नव्हे. तेथे १९७२ चा वन्यजीव संरक्षण कायदा आडवा येतो.

ज्या घरांतील मुले नोकरीनिमित्त अमेरिकेत गेली आहेत, त्यांना ही एकरूपता गृहीत धरून चालणार नाही. तेथे डेलावेअर नदी एका बाजूस न्यू जर्सी आणि दुसऱ्या बाजूस पेनसिल्व्हेनिया अशी सीमा आखते. पेनसिल्व्हेनियात मॅगझिनच्या क्षमतेवर राज्याची मर्यादा नाही. न्यू जर्सीने १९९० मध्ये १५ गोळ्यांची मर्यादा घातली आणि २०१८ मध्ये ती १० वर आणली. पेनसिल्व्हेनियात कायदेशीरपणे विकत घेतलेली १५ गोळ्यांची पेटी पूल ओलांडताच गुन्ह्याची वस्तू ठरते आणि १८ महिन्यांपर्यंत कारावास होऊ शकतो. कॅलिफोर्निया आणि न्यूयॉर्क येथे मर्यादा १०, कोलोरॅडोत १५, डेलावेअर राज्यात १७. इलिनॉयने तर लांब बंदुकीला १० आणि पिस्तुलाला १५ असे दोन आकडे ठरवले आहेत. १९९४ ते २००४ या दहा वर्षांत नव्या मॅगझिनसाठी संपूर्ण देशाला १० हाच आकडा होता. त्या कायद्याची मुदत वाढवली गेली नाही.

हा आकड्यांचा खेळ वाटेल, पण तसा तो नाही. जानेवारी २०११ मध्ये ॲरिझोनातील टूसॉन येथे एका हल्लेखोराने ३३ गोळ्यांचे मॅगझिन रिते केले. सहा जणांचे प्राण गेले. तो दुसरे मॅगझिन बसवू लागला, त्या काही क्षणांतच जमलेल्या लोकांनी त्याला खाली पाडले. ते क्षण लवकर यावेत, एवढाच मर्यादेच्या समर्थकांचा आग्रह आहे. स्वसंरक्षण करणाऱ्यालाही गोळ्या अपुऱ्या पडतील, हा विरोधकांचा युक्तिवाद. ॲरिझोनात आजही अशी मर्यादा नाही.

परदेशस्थ तरुणांच्या दृष्टीने याहून निकडीची एक गोष्ट आहे आणि ती राज्यागणिक बदलत नाही. एच-वन-बी किंवा विद्यार्थी व्हिसावर असलेल्या व्यक्तीस बंदूक वा काडतूस बाळगण्यास तेथील केंद्रीय कायद्याने सामान्यतः मनाई आहे; एखाद्या राज्याचा वैध शिकार परवाना असणे यासारखे मोजकेच अपवाद आहेत. सहकाऱ्यांसोबत सुटीच्या दिवशी नेमबाजीच्या केंद्रावर जाऊन भाड्याची बंदूक हाती घेणे त्यांना निव्वळ करमणूक वाटते. अहिंसेच्या संस्कारात वाढलेला मुलगाही 'निशाणा तर कागदाचाच आहे' असे म्हणून जातो. कायदा मात्र निशाणा कशाचा होता हे पाहत नाही, शस्त्र कोणाच्या हाती होते हे पाहतो. ग्रीन कार्ड मिळाल्यावर ही मनाई उरत नाही, राज्याची मर्यादा मात्र लागू राहते. आणि बंदुकीच्या गुन्ह्यात दोष सिद्ध झाल्यास ग्रीन कार्ड असूनही देशाबाहेर पाठवले जाण्याची वेळ येऊ शकते.