पिवळ्या जर्सीचे भोई

१/
जुलै महिना आला की टूर द फ्रान्सची छायाचित्रे फिरू लागतात आणि त्यांच्यासोबत एक यादीही फिरते: वर्ष, विजेता, देश. दर वर्षापुढे एकच नाव. ही यादी म्हणजेच टूरचा इतिहास असे गृहीत धरून मग सर्वश्रेष्ठ कोण, कोणाची जेतेपदे किती, यावर वाद रंगतात. आजचा धागा त्या यादीच्या विरोधात आहे. यादीतील नावे खरीच आहेत. आक्षेप तिच्या आकारावर आहे. एका वर्तमानपत्राने आपल्या खपासाठी घडवलेला हा आकार आपण शतकभर इतिहास म्हणून मिरवत आहोत.

२/
आधी स्पर्धेची रचना पाहू. आजची टूर २१ टप्प्यांची असते आणि सुमारे तीन आठवडे चालते. प्रत्येक संघात आठ सायकलपटू असतात. २०१७ पर्यंत नऊ असत. सर्व टप्प्यांच्या वेळांची बेरीज करून ज्याची एकूण वेळ सर्वांत कमी, तो पिवळ्या जर्सीचा मानकरी. म्हणजे घड्याळ प्रत्येकाचे स्वतंत्र चालते, परंतु शर्यत संघ लढवतो. विजेता म्हणून नाव मात्र घड्याळाकडून घेतले जाते.

३/
संघ कशासाठी लागतो? उत्तर वाऱ्यात आहे. सपाट रस्त्यावर वेगाने जाणाऱ्या सायकलस्वाराची बहुतांश शक्ती हवेचा अडसर कापण्यात खर्च होते. पुढच्याच्या चाकामागे चिकटून राहणाऱ्याचे श्रम सुमारे एक तृतीयांशाने वाचतात; मोठ्या जथ्याच्या मध्यभागी तर त्याहूनही अधिक. म्हणून संघातील बाकीच्यांनी प्रमुखाला दिवसभर वाऱ्यापासून झाकायचे, मागच्या मोटारीतून पाण्याच्या बाटल्या आणून द्यायच्या, प्रसंगी स्वतःचे चाक काढून द्यायचे, आणि अखेरच्या चढाच्या पायथ्याशी त्याला ताज्या दमाने सोडून आपण मागे पडायचे.

४/
हे काम करणाऱ्याला फ्रेंचमध्ये ‘दोमेस्तिक’ म्हणतात. मराठीत सरळ सांगायचे तर घरगडी. इटालियनांचा शब्द ‘ग्रेगारिओ’. त्याच्या लॅटिन मुळाने रोमन सैन्यातील साध्या शिपायाचा निर्देश होत असे. दोन्ही शब्दांत दर्जा आधीच ठरलेला आहे. पालखीत बसणारा दिसावा आणि भोई दिसू नयेत, ही व्यवस्था भाषेपासूनच सुरू होते.

५/
आता मुळाशी जाऊ. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस द्रेफ्यूस प्रकरणाने फ्रान्स दुभंगला होता. ‘ल व्हेलो’ या आघाडीच्या क्रीडापत्राचा संपादक पिएर जिफार द्रेफ्यूसच्या बाजूचा. त्याच्या पत्रात जाहिराती देणारे काही बडे उद्योगपती, विशेषतः मोटार कारखानदार काउंट द दिओन, विरुद्ध बाजूचे. या मंडळींनी १९०० मध्ये स्वतःचे पत्र काढले आणि संपादक म्हणून आंरी देग्रांज याला नेमले. पुढे ते ‘लोतो’ या नावाने पिवळ्या कागदावर निघू लागले. खप वाढेना, तेव्हा जेओ लफेव्र या तरुण पत्रकाराने फ्रान्सला फेरी घालणाऱ्या शर्यतीची कल्पना मांडली.

६/
जुलै १९०३. सहा टप्पे, २,४२८ किलोमीटर, ६० स्पर्धक. पॅरिसला पोहोचले अवघे २१. विजेता मॉरिस गारँ. ‘लोतो’चा खप झपाट्याने वाढला आणि पुढच्याच वर्षी ‘ल व्हेलो’ बंद पडले. ज्याला आपण खेळाचा उगम म्हणतो तो वृत्तपत्रीय युद्धातील एक डाव होता. अशा पत्राला रोज सकाळी विकण्यासाठी नायक हवा असतो. रात्रीच्या अंधारात, चिखलाच्या रस्त्याने एकटा झुंजणारा माणूस हे मथळ्याचे उत्तम साहित्य आहे. आठ जणांची श्रमविभागणी मथळ्यात मावत नाही.

७/
देग्रांजची वैयक्तिक श्रद्धाही याच दिशेची होती. १८९३ मध्ये त्याने एका तासात ३५.३२५ किलोमीटर अंतर कापून विक्रम नोंदवला होता. तासाचा विक्रम हा माणूस आणि घड्याळ यांच्यातील द्वंद्वाचा प्रकार; तेथे सहकारी नसतो. टूर हीदेखील तशीच असावी, हा त्याचा हट्ट. स्पर्धकाने स्वतःची सायकल स्वतःच दुरुस्त करावी, कोणाचीही मदत घेऊ नये, असे नियम झाले. आजही ‘पूर्वीची टूर शुद्ध होती, संघांनी ती बिघडवली’ असे म्हणणारे पुष्कळ भेटतात. त्यांच्या मताचा उगम या नियमांत आहे.

८/
ही शुद्धता तपासून पाहू. १९०४ मध्ये, म्हणजे दुसऱ्याच वर्षी, गारँसह पहिले चारही क्रमांक गैरप्रकारांसाठी बाद करावे लागले आणि पाचव्या क्रमांकाच्या १९ वर्षांच्या आंरी कॉर्नेला विजेता घोषित करण्यात आले. १९०९ ते १९१२ ही चार जेतेपदे ‘अल्स्यों’ या एकाच सायकल कारखान्याच्या पगारी स्वारांनी मिळवली. ज्या काळाला एकांड्या वीरांचा काळ म्हणतात, त्या काळातही शर्यत कारखानेच लढवत होते. नियमपुस्तिका तेवढी हे मान्य करत नव्हती.

९/
१९११ मधील मॉरिस ब्रॉकोचे प्रकरण पाहा. आपल्याला जिंकण्याची आशा उरली नाही असे दिसल्यावर त्याने फ्रांस्वा फाबेरला वाटेत साहाय्य केले, असा ठपका देग्रांजने ठेवला आणि त्याला ‘दोमेस्तिक’ म्हणून हिणवले. दुसऱ्या दिवशी ब्रॉकोने पिरेनीजमधील कठीण टप्पा मोठ्या फरकाने जिंकून दाखवला. एवढी ताकद असताना काल दुसऱ्यासाठी राबला, म्हणजे दोष सिद्धच झाला, असा निष्कर्ष काढून त्याला स्पर्धेतून काढले गेले. शब्द प्रचारात आला तो शिवी म्हणून, आणि सहकार्य नोंदले गेले ते गुन्हा म्हणून.

१०/
आणि १९१३ मधील यूजीन क्रिस्तोफ. तूरमाले घाटाच्या उतारावर त्याच्या सायकलचा पुढचा चिमटा मोडला. मदत निषिद्ध. सायकल खांद्यावर घेऊन तो दहा किलोमीटरहून अधिक चालत सँत मारी द काम्पाँ गावातील लोहाराच्या भट्टीपर्यंत गेला आणि स्वतःच्या हातांनी चिमटा सांधला. भाता एका पोराने ओढला, म्हणून पंचांनी वेळेचा दंडही ठोकला. टूर जिंकली ती क्रिस्तोफच्याच ‘प्यूजो’ संघातील फिलिप तीसने. ही कथा जिद्दीची म्हणून सांगितली जाते आणि जिद्द होतीच. पण या नियमाने कोणते शौर्य मोजले? एका लोखंडी नळीच्या मोडण्याने शर्यतीचा निकाल लावला, आणि मालकाला मथळा मिळाला.

११/
प्रतिकारही झाला, आणि तो यादीत दिसत नाही. १९२३ चा विजेता आंरी पेलिसिए १९२४ मध्ये आपला भाऊ फ्रान्सिस आणि मॉरिस व्हिल यांच्यासह कुतांस येथे शर्यत सोडून बाहेर पडला. निमित्त होते अंगातील जर्सींच्या संख्येचे: पहाटेच्या थंडीत चढवलेली जर्सी ऊन वाढल्यावर टाकून देण्यास मनाई होती. उपाहारगृहात बसून त्यांनी पत्रकार आल्बेर लोंद्रला आपल्या पिशव्यांतील कोकेन, क्लोरोफॉर्म आणि गोळ्या दाखवल्या. लोंद्र आदल्याच वर्षी गयानातील फ्रेंच दंडवसाहतीतील कैद्यांवर लिहून आला होता. त्याने सायकलपटूंसाठी सक्तमजुरीच्या कैद्यांची उपमा वापरली. श्रमिकांचा प्रश्न म्हणून टूरकडे पाहणारा हा लेख शंभर वर्षांपूर्वीचा आहे. आपण अजून यादीच पाठ करतो.

१२/
येथे देग्रांजची बाजूही प्रामाणिकपणे मांडली पाहिजे. त्याची भीती निराधार नव्हती. १९२९ मध्ये मॉरिस द वाल आजारी असताना त्याच्या ‘अल्स्यों’ संघाने त्याला अक्षरशः वाहून नेल्यासारखे पॅरिसपर्यंत नेले आणि तो जिंकला. कारखान्यांचे पैसे निकाल ठरवू शकतात, हा आक्षेप खरा होता. संतापलेल्या देग्रांजने १९३० पासून कारखान्यांचे संघ बंद केले आणि राष्ट्रीय संघ आणले. सर्वांना एकसारख्या सायकली दिल्या. खर्च भागवण्यासाठी शर्यतीपुढे जाहिरातींच्या गाड्यांचा ताफा सुरू झाला. सायकलवाल्यांना दाराबाहेर काढले आणि चॉकलेटवाल्यांना आत घेतले.

१३/
परिणाम मात्र देग्रांजच्या तत्त्वज्ञानाविरुद्ध गेला. १९३० मध्ये गालिबिए घाटाच्या उतारावर पिवळ्या जर्सीतील आंद्रे ल्यूद्यूक कोसळला. पुढे सायकलचे पेडलही तुटले. फ्रान्स संघातील सहकारी थांबले, दुसरे पेडल मिळवून बसवले, त्याला धीर दिला, आणि आळीपाळीने वारा अंगावर घेत त्याला आघाडीपर्यंत खेचून नेले. त्या दिवशीचा टप्पा ल्यूद्यूकनेच जिंकला आणि पुढे टूरही. १९१३ च्या नियमांत तो रस्त्याच्या कडेलाच संपला असता. यादीत १९३० पुढे एकच नाव आहे. त्या दिवशी शर्यत कोणी जिंकली, याचे उत्तर मात्र अनेकवचनी आहे.

१४/
१९३४ मधील रने व्हिएत्तोची कथा तुम्ही ऐकली असेल. वीस वर्षांचा, डोंगरात सर्वांना भारी. पिरेनीजमध्ये संघप्रमुख आंतोनँ मान्ये याला अपघात झाला तेव्हा व्हिएत्तोने आपले चाक काढून दिले आणि तो दगडी कठड्यावर बसून राहिला. ते छायाचित्र अजरामर झाले. दुसऱ्या दिवशी तर तो पुढे गेलेला असताना चढ उलटा चढून मागे आला आणि त्याने मान्येला सायकल दिली. मान्ये टूर जिंकला, व्हिएत्तो पाचवा आला. टूर त्याला पुढेही कधी जिंकता आली नाही.

१५/
मात्र या कथेपाशीही सावध राहायला हवे. १९११ मध्ये जे कृत्य गुन्हा होते, ते १९३४ मध्ये त्याग झाले. ब्रॉको आणि व्हिएत्तो यांनी केले ते मूलतः एकच: दुसऱ्याच्या विजयासाठी स्वतःची शक्ती दिली. बदलली ती वर्तमानपत्रांची गरज. शिवी देऊन श्रम नाकारता येतात, तसे आरती ओवाळूनही नाकारता येतात. त्याग म्हटले की मोबदल्याचा, वेळेचा, इजांचा हिशेब विचारणे असभ्य ठरते.

१६/
तो हिशेब सायकलपटूंनी स्वतः मागितल्याचे दिवसही आहेत. १२ जुलै १९७८ रोजी व्हालांस दाजाँ येथे संपूर्ण जथा अंतिम रेषेच्या अलीकडे सायकलींवरून उतरला आणि पायी चालत रेषा ओलांडली. कारण एकाच दिवशी दोन-दोन टप्पे, पहाटेची सुरुवात आणि अपुरी झोप. सर्वांत पुढे होता तरुण बर्नार इनो, जो त्या वर्षी प्रथमच टूर जिंकला. तो टप्पा रद्द झाला. त्या टप्प्याच्या निकालाच्या रकान्यात विजेता नाही. आणि माझ्या मते टूरच्या इतिहासातील तो सर्वांत महत्त्वाच्या दिवसांपैकी एक आहे.

१७/
‘अहो, पण प्रमुखच नसेल तर संघ काय कामाचा? डोंगरावर अखेर एकट्यालाच चढावे लागते.’ हा आक्षेप मान्य. इनो किंवा मेर्क्स यांचे सामर्थ्य कोणी नाकारत नाही. पण स्वतः विजेतेच काय करतात ते पाहा. बक्षिसाची रक्कम सहकाऱ्यांत आणि संघसेवकांत वाटून टाकण्याची परंपरा या खेळात जुनी आहे. ज्याचे नाव यादीत एकटे छापले जाते, त्यालाच ते एकट्याचे नाही हे पक्के ठाऊक असते. न कळणारे आपणच.

१८/
आणि एकट्या नायकाच्या कथेची किंमतही मोजावी लागली आहे. १९९९ ते २००५ या काळातील लान्स आर्मस्ट्राँगची सात जेतेपदे २०१२ मध्ये काढून घेण्यात आली. उत्तेजक द्रव्यांच्या त्या प्रकरणात अमेरिकी यंत्रणेपुढे त्याच्या ११ माजी सहकाऱ्यांनी साक्ष दिली. त्यांत सातही विजयांत सोबत असलेला जॉर्ज हिंकापी होता. हे सहकारी निष्पाप नव्हते. त्यांनीही तीच द्रव्ये घेतली होती. पण खरे काय घडले हे सांगू शकणारे साधन तेच होते, आणि इतकी वर्षे बहुतेकांचे डोळे एकाच माणसावर होते. इतिहासाच्या विद्यार्थ्याला यातून साधा धडा मिळतो: साधने निवडताना पालखीत कोण होते एवढेच पाहू नका, भोयांना विचारा.

१९/
मग करायचे काय? नवा शोध लावण्याची गरज नाही. टूरमध्ये सांघिक वर्गवारी १९३० पासून आहे. गेल्या वर्षीचा विजेता संघ तुमच्यापैकी किती जणांना आठवतो? यंदा एखादा टप्पा पाहाल तेव्हा शेवटचे पाच किलोमीटर सोडून द्या आणि मधले शंभर पाहा. सर्वांत पुढे तोंडावर वारा घेत तासन्‌तास कोण आहे, ते नाव लिहून ठेवा. त्या दिवशीच्या निकालात ते बहुधा तळाशी सापडेल.

२०/
यादी फाडून टाका असे मी म्हणत नाही. तिला इतिहास म्हणू नका, एवढेच मागणे आहे. ती ‘लोतो’च्या पिवळ्या कागदावरून उचललेली आहे. मतभेद असतील तर अवश्य मांडा, पण ‘महान होता’ हा पुरावा नव्हे. एखाद्या टूरचे उदाहरण घ्या, त्यातील संपूर्ण संघाची नावे लिहा, आणि मग सांगा की विजेत्याने हे एकट्याने केले.

धागा समाप्त.